आतून उलटं

बैठक कॉम्प्युटरची होती, पण बसायला कुणी तयार नव्हतं.

सुट्टीचा दिवस म्हणून पाट्यांच्या दुकानाचं शटर अर्ध्यावर ओढलेलं होतं आणि त्याखालून रस्त्याने जाणाऱ्यांचे नुसते पाय दिसत होते. बाळ्या शटरपासून अक्षरं कापायच्या कटरपर्यंत आणि कटरपासून शटरपर्यंत फेऱ्या घालत होता. चाळिशी उलटली, पोट सुटलं, तरी घरात त्याचं बाळ्यापण काही सुटलं नव्हतं. त्याची बायको चहाचा ट्रे घेऊन ताटकळत उभी होती, कारण काउंटरभर चिकट रेडियमचे रोल पसरलेले आणि ट्रे ठेवायला टीचभर जागा नाही. आप्पा तिला सूनबाई म्हणायचे, म्हणून हळूहळू सगळ्या घराचीच ती सूनबाई झाली होती. नवरासुद्धा तिला सूनबाईच म्हणायचा, पण फक्त चिडवायला. आणि आक्का आपल्या स्टुलावरून सारखी उठत होती. कधी पंखा वळवायला, कधी रोल उचलायला, कधी नुसतीच.

हे आक्काचं उठणं नेहमीचंच. आप्पांची ही थोरली लेक चार दिवसांसाठी म्हणून सासरहून आली होती. रिकामं बसून जीव खाईल, म्हणून आप्पांनी तिला या बिनपाठीच्या स्टुलावर, नव्यानेच आणलेल्या कॉम्प्युटरसमोर बसवलं. ते चार दिवस अजून चालूच होते. दरम्यान कॉम्प्युटर जुना झाला, त्याचं नाव ‘डबा’ पडलं, आणि तो नेमका कसा चालतो हे आक्काशिवाय कुणालाच कळेनासं झालं.

आप्पा तेवढे बसलेले होते. त्यांना आता दुसरा इलाजच नव्हता. काउंटरच्या टोकाशी त्यांची खुर्ची, उजवा हात मांडीवर ठेवून दिलेला. याच हाताने त्यांनी शहरभर पाट्या रंगवल्या, आणि लकव्याचा झटका आल्यापासून ते त्याच्याकडे शेजाऱ्याचं सामान आपल्याकडे राहून गेल्यासारखं बघत. बोलणंही गेल्यातच जमा होतं. दिवसातून एखादाच शब्द बाहेर यायचा, मग त्याचा अर्थ लावायला सगळं घर लागायचं, आणि ज्याला जो सोयीचा तो अर्थ तो घेऊन जायचा.

“डबा मेलाय, आक्का,” बाळ्या म्हणाला. “तू फक्त कुणाला सांगत नाहीस.”

“मेला नाही. तापतो.”

“माणूस तापला की डॉक्टरकडे नेतात. तू पंखा लावून बसतेस.”

ते खरं होतं. डब्याचं एका बाजूचं पत्र्याचं झाकण काढून ठेवलेलं, आणि त्याच्या उघड्या पोटावर टेबलफॅन रोखलेला. तरीही काल एका औषधांच्या दुकानाची पाटी कापता कापता तो मधेच बंद पडला होता, आणि अर्ध्या कापलेल्या अक्षरांचं भेंडोळं अजून कोपऱ्यात पडून होतं. त्यावरूनच आजची बैठक होती.

शटरखालून वाकून सूनबाईचा भाऊ आत आला. खांद्याला लॅपटॉपची बॅग. त्याचं कॉम्प्युटरचं दुकान होतं, आणि त्याच्या दर वाक्यात कुठेतरी जीबी यायचंच, म्हणून बाळ्याने त्याचं नावच जीबी ठेवलं होतं. त्याने आप्पांच्या पायांना हात लावला, बहिणीच्या ट्रेमधला एक कप उचलला आणि उभ्याउभ्याच सुरुवात केली.

“आक्का, यात मेमरी किती आहे माहितीये? दोन जीबी. माझ्या फोनमध्ये याच्या चौपट आहे.”

“मग फोनवर कापा की रेडियम,” आक्का म्हणाली.

सूनबाईला हसू आलं, पण नवऱ्याकडे बघून तिने ते गिळलं.

जीबीने रोल बाजूला सारून लॅपटॉप उघडला. बाळ्या फेऱ्या सोडून त्याच्या खांद्यामागे येऊन उभा राहिला. पडद्यावर एक बेकरी होती, आणि बघता बघता तिच्या कपाळावर पाटी चढली. अक्षरांना सावली आली, मागून उजेड आला. जीबीने रंग बदलला तसा उजेडही बदलला. बाळ्या आणखी पुढे झुकला. गेलं वर्षभर त्याला गिऱ्हाइकं विचारत होती, ‘लावल्यावर कसं दिसेल ते दाखवा ना.’ आणि तो हातवारे करून दाखवत होता. नाक्यावरच्या नव्या दुकानात ते पडद्यावर दाखवायचे. हातवारे करणाऱ्याकडे कोण थांबणार?

“हे पाहिजे,” तो म्हणाला. “बस्स. हेच पाहिजे.”

“वर्षाचं सबस्क्रिप्शन आहे, दाजी. पण वस्तू बघा.”

“सबस्क्रिप्शन म्हणजे भाडं?” आक्काने विचारलं.

“तसं नाही म्हणत आक्का, पण... हो.”

“आणि भाडं थकलं तर?”

“मग ते उघडत नाही.”

“म्हणजे आपण केलेली कामं आपल्यालाच दिसणार नाहीत?” ती आप्पांकडे वळली. “ऐकताय ना?”

आप्पा ऐकत होते. त्यांनी डोळे मिटून उघडले. बाळ्याला तो होकार वाटला आणि आक्कालाही.

आक्काने मग ओढणीच्या टोकाला बांधलेला पेनड्राइव्ह सोडला आणि डब्याला लावला. रेडियमचा घाऊक व्यापारी माल टाकायला येई, त्याच्याकडून तिने तो मागून घेतला होता. त्यातलं सॉफ्टवेअर छोटंसं होतं. एकदाच विकत घ्यायचं, इंटरनेट नको, जुन्या कॉम्प्युटरवर चालणार, आणि मुख्य म्हणजे कटरची ती जाडजूड जुनी केबल ओळखणार. ते आल्यावर डब्याला मुळातच कमी काम पडेल आणि तो तापणार नाही, असं व्यापाऱ्याचं म्हणणं. दिसायला मात्र ते कळकट होतं. ना रंग, ना सावली, करड्या पडद्यावर अक्षरांच्या नुसत्या कडा.

“हे गिऱ्हाइकाला दाखवू?” बाळ्या उसळला. “सांगाडा?”

“गिऱ्हाइकाला पाटी पाहिजे असते.”

“पाटी मिळायच्या आधी त्याला ती बघायची असते, आक्का! तू आत बसतेस, तुला काय कळणार?”

हे ‘आत बसतेस’ जरा जास्तच जोरात आलं. आक्का उठली आणि उगाचच पंखा एक खटका वाढवून आली.

सूनबाईने ट्रे शेवटी जमिनीवर ठेवला. “भांडून कोणतं चांगलं ते कळणार आहे का? दोन्हीवर एकच काम करून बघा. दाताच्या डॉक्टरांच्या दारावरची अक्षरं उद्या सकाळी लावायचीच आहेत ना?”

बाळ्याने खिशातून फोन काढून डॉक्टरांचा मजकूर दाखवला. नाव, वेळा आणि खाली दाढेचं चित्र. दार काचेचं.

“उलटं पाहिजे म्हणालेत,” तो म्हणाला.

“उलटं?”

“उलटं.”

“कळलं,” आक्का म्हणाली.

कळलं दोघांनाही होतं, आणि घोळ तिथेच झाला.

आक्का स्टुलावर बसली. डबा घरघरत कामाला लागला. पडद्यावर करडा चौकोन येईपर्यंत ती दोन्ही हात गुडघ्यांवर दाबून थांबली. हा डबा कधी रुसतो, रुसला की मागची केबल कुठे दाबायची, बटण किती वेळ धरून ठेवायचं, हे सगळं तिच्या बोटांत होतं. तिने ते कुणाला शिकवलं नव्हतं. कुणी विचारलं नाही हे खरं, आणि कुणी विचारू नये असं तिला मनातून वाटायचं हेही तितकंच खरं. या घरात तिची अशी जागा म्हणजे हे स्टूल, आणि स्टूल या डब्यामुळे. डबा गेला की ऊठ म्हणायला कुणाला फार वेळ लागणार नव्हता. तिला भीती वाटत होती. ती लपवायला ती अक्षरं भराभर टाइप करत होती.

तिकडे लॅपटॉपवर बाळ्याने जीबीच्या मदतीने दार उभं केलं. काचेतून आतली खुर्चीसुद्धा दिसत होती. “वा!” तो म्हणाला. “आता काप.”

आणि गाडी अडली. कटरची जाड केबल लॅपटॉपला लागेना, तसं भोकच नव्हतं. जीबीने बॅगेतून एक जोडणी काढली, मग दुसरी काढली. कटरने किंकाळी फोडली, पातं थेट रोलच्या कडेला जाऊन आपटलं आणि तिथेच थरथरत राहिलं.

“नवीन कटर घेतला की हा प्रश्नच येत नाही,” जीबी घाम पुसत म्हणाला.

“आता कटरपण?” सूनबाई म्हणाली.

भावाने चमकून तिच्याकडे पाहिलं. सकाळपर्यंत ती त्याच्या बाजूची होती. नवं मशीन येणार, ते स्टुलाच्या जागी ठेवायचं, तिथे नवऱ्याने बसायचं, हे नवरा-बायकोचं ठरलेलं होतं. आणि आक्कांचं? आक्कांनी आता आराम करायचा. ‘आराम’ हा शब्द बाळ्याचाच, आणि तो ऐकताना तिला काही वाईट वाटलं नव्हतं. आता मात्र आक्कांची वाकलेली पाठ समोर दिसत होती आणि तो शब्द तिला टोचत होता.

“त्यातलं चित्र पेनड्राइव्हमध्ये देता येतं का?” तिने भावाला विचारलं. “आक्कांच्या त्या सॉफ्टवेअरला उघडता येईल असं?”

“जुन्या फॉर्मॅटमध्ये सेव्ह केलं तर... येईल बहुतेक.”

आलं. सावली गेली, उजेड गेला, आतली खुर्ची गेली, पण अक्षरांच्या कडा जशाच्या तशा उतरल्या. डब्याने धापा टाकत दोन्ही कामं कापली, आधी आक्काचं, मग बाळ्याचं. बहीण-भावांनी नको तो भाग सोलून काढला आणि दोन्ही तुकडे काउंटरवर शेजारी शेजारी पसरले.

आक्काच्या तुकड्यावर सुटी अक्षरं होती, आरशात दिसावीत तशी डावी-उजवी फिरलेली. बाळ्याचा तुकडा अखंड होता. त्यातून अक्षरं कोरून काढलेली, भोकंभोकं, पण सरळ वाचता येणारी.

“हे काय केलंस?” दोघं एकदमच म्हणाली.

“उलटं!” हेही एकदमच.

“उलटं म्हणजे फिरवून. काचेला आतून लावायचं.”

“उलटं म्हणजे अक्षर काढायचं आणि भोवतालचं ठेवायचं. हे तुला आता सांगावं लागतंय?”

“मला आप्पांनी शिकवलंय.”

“मग मला काय रस्त्यावरच्या कुणी शिकवलं?”

दोघांचंही खरं होतं. बाळ्या शिडीवर आप्पांच्या पायाशी रंगाचा डबा धरून शिकला. साचा भिंतीला लावायचा, भोवती रंग भरायचा, आणि साचा काढला की कोरं अक्षर उरायचं. आप्पा वरून ओरडायचे, “उलटं कर!” आक्का शिकली ती दुकानांच्या आत, काचेमागे. ती डावी-उजवी फिरवून अक्षर काढायची, आप्पा बाहेर उभे राहून वाचायचे आणि काचेतून खुणावायचे, ‘उलटं, अजून उलटं.’ शिकवणारा एक, शब्द एक, पण दोन पोरांना त्याने काचेच्या दोन बाजूंना उभं केलं होतं. इतकी वर्षं आतली कामं तिची आणि बाहेरची त्याची, म्हणून दोन ‘उलटं’ कधी समोरासमोर आली नव्हती.

“एवढा रोल वाया गेला,” बाळ्या म्हणाला. “हे असंच होणार. म्हणून म्हणतो, नवीन येऊ दे, मी बसतो, आणि तू... तू आता आराम कर.”

आक्का फक्त स्टुलावरून उठली आणि या वेळी कुठेच गेली नाही, तिथेच उभी राहिली.

“आराम,” ती शेवटी म्हणाली. “कुठे करू? कोणत्या खोलीत?”

बाळ्याला आपली जीभ चावावीशी वाटली. पण शब्द सुटला होता, आणि तो सुचलेला नव्हता, ठरवलेला होता, हे आक्काला कळलं आहे हेही त्याला कळलं.

तेवढ्यात सूनबाईने डॉक्टरांना फोन लावला होता. दुसरं काय करावं हे तिला सुचलं नाही, म्हणून. तिने फोन कानापासून दूर धरला, सगळ्यांना ऐकू येईल असा.

“अहो, काल सगळं सांगितलं होतं की तुमच्या मिस्टरांना,” डॉक्टर म्हणत होते. “दुधी रेडियम, त्यातून अक्षरं कोरलेली. आणि चिकटवायचं आतून, नाहीतर पोरं बाहेरून नखांनी काढतात. वाचता बाहेरून आलं पाहिजे. दोन्ही गोष्टी सांगितल्या होत्या.”

फोन बंद झाला. कोरायचंही होतं आणि फिरवायचंही. एवढ्या लांबलचक निरोपाचं बाळ्याने एका शब्दात ‘उलटं’ करून टाकलं होतं.

“म्हणजे दोघांचं अर्धं अर्धं बरोबर,” सूनबाई म्हणाली, आणि मग तिला थांबवेना. “सॉफ्टवेअरचंही तसंच आहे. लॅपटॉप दाखवतो पण कापू शकत नाही. डबा कापतो पण दाखवू शकत नाही. दोन्ही ठेवा. लॅपटॉपवर चित्र काढायचं, ते पेनड्राइव्हने इकडे आणायचं, आणि डब्यावर या छोट्या सॉफ्टवेअरने नुसतं कापायचं. त्याला तेवढंच काम दिलं तर तापणारही नाही. भाडं एकाचंच. नवीन कटर नको.”

“ताई, तू माझा धंदा बुडवणार,” जीबी म्हणाला, पण त्याने मान डोलावली. “चालेल खरं. दाजी पुढे लॅपटॉपवर, गिऱ्हाइकांसमोर. आक्का मागे, त्यांच्या डब्यावर. कुणालाच उठायला नको.”

बाळ्याने सुटकेचा श्वास टाकला. आक्कानेही टाकला, पण तो मधेच अडकला. स्टूल वाचलं होतं. कधीपर्यंत? डबा चालेल तोपर्यंत. म्हणजे आता रोज सकाळी बटण दाबताना आजचा दिवस आपला आहे की नाही ते बघायचं. तरीही ती म्हणाली, “बरंय. चालेल मला.”

“उलटं.”

सगळे वळले. आप्पा बोलले होते.

“हो आप्पा, उलटंच करतो,” बाळ्या घाईने म्हणाला. “कोरून आणि फिरवून. कळलं आता. डॉक्टरांनी सांगितलं.”

आप्पांनी मान हलवली. नाही. त्यांचा डावा हात वर आला, हळूहळू आक्कावर रोखला गेला, आणि तिथून लॅपटॉपकडे सरकला. मग बाळ्यावर आला, आणि तिथून डब्याकडे गेला. हात खाली पडला. ते धापावले होते.

“उलटं,” ते पुन्हा म्हणाले.

या वेळी कुणाला अर्थ लावावा लागला नाही. सोयीचा असा अर्थच काढता येत नव्हता.

“मी?” बाळ्या म्हणाला. “डब्यावर? आप्पा, अहो गिऱ्हाइकं माझी...”

“मला नाही जमायचं,” आक्का त्याच वेळी म्हणाली. “मला ते काही येत नाही. समोर माणसं येऊन बसणार, मी त्यांच्याशी काय बोलणार? मी आतच बरी आहे, आप्पा.”

आप्पा दोघांकडेही बघत नव्हते. ते त्या दोन तुकड्यांकडे बघत होते.

बाळ्याही तिकडे बघायला लागला. त्याला खूप काही बोलायचं होतं. हा अन्याय आहे, हे म्हातारपण आहे, असं काहीतरी. पण मघाचा ‘आराम’ अजून तोंडात कडवट होता. त्याने आपली पाठीची, चाकं असलेली खुर्ची काउंटरपाशी लॅपटॉपसमोर ढकलली आणि स्वतः जाऊन स्टुलावर बसला. स्टूल करकरलं.

“यावर तू इतकी वर्षं कशी बसलीस?” त्याने विचारलं. “पाठ मोडते.”

“मोडली,” आक्का म्हणाली.

ती खुर्चीच्या अगदी कडेवर टेकली, आप्पांच्या शेजारी. जीबीने माउस तिच्या हाताखाली सरकवला. पडद्यावर दार होतं, दारात काच, काचेत अक्षरं. “फिरवायचं कुठून?” तिने विचारलं. त्याने दाखवलं. तिने बोट दाबलं, आणि सगळी अक्षरं एकदम डावीकडून उजवीकडे वळली, त्यांची सावलीसुद्धा वळली. आक्काच्या तोंडून ‘अगंबाई’ निघून गेलं. सूनबाई तिच्या मागे येऊन उभी राहिली. तिने आक्काच्या खांद्यावर हात ठेवला, मग संकोचून काढला, मग पुन्हा ठेवला.

पेनड्राइव्ह बाळ्याकडे गेला. त्याने तो खुपसला, दोन-तीन बटणं दाबली, आणि डब्याचा पडदा काळा झाला. घरघर थांबली. आता नुसता पंखा वाजत होता.

“मी काही नाही केलं!” बाळ्या ओरडला. “आक्का!”

आक्का उठली. तिला उठावं लागलंच नाही, अंग आपोआप उठलं. इतकी वर्षं याच क्षणाला ती उठत आली होती. निम्मी उभी राहिली असेल-नसेल, तोच तिचं मनगट कुणीतरी धरलं. आप्पांचा डावा हात. त्यात जोर असा नव्हताच, तिला सहज सोडवून घेता आला असता.

“बस,” आप्पा म्हणाले.

त्या दिवसातला त्यांचा हा दुसरा शब्द. आक्का त्यांच्याकडे बघत राहिली. ऊठ म्हणतील, आज ना उद्या कुणीतरी ऊठ म्हणेल, या एका भीतीवर तिने अर्धं आयुष्य काढलं होतं. तिचे डोळे भरून आले आणि तिने ते पुसले नाहीत. ती बसली, मागे सरकली, आणि पाठ टेकवली.

“आक्का, येतेस ना?” बाळ्याने हाक मारली.

“मागची केबल डावीकडे दाब,” ती बसल्या जागेवरून म्हणाली. “तिथे नाही, खालची. दाबलीस? आता बटण धरून ठेव. मी सांगेपर्यंत सोडू नकोस.”

डबा खोकला, थांबला, आणि घरघरायला लागला.

बाळ्याने वळून पाहिलं. “हे आजवर कधी सांगितलं नाहीस.”

“आज बसलेय ना,” आक्का म्हणाली.